काठावरच्या चपला

१४ जानेवारी, मंगळवार

वर्षालीने ब्लॉक काढला! सतरा दिवसांनी!

सकाळी मानपाड्याला कंपनीच्या गेटवर पंच करत होतो आणि मेसेज — "तिळगूळ घे. भांडू नकोस." बस्स, एवढंच. पॅकिंगमध्ये तीन खोके उलटे भरले. सुपरवायझर ओरडला, मी हसत होतो. मग तो आणखी ओरडला. एरवी मी त्याच्या अंगावर गेलो असतो. नाही गेलो. वर्षाली, तुला कळायला पाहिजे हे.

१६ जानेवारी, गुरुवार

फोनवर बोललो. चाळीस मिनिटं, त्यातली तीस ती.

पुन्हा कॉलेजचंच. सेकंड इयरला मी तिची प्रॉक्सी द्यायचो — ती सकाळी आईबरोबर मासळी बाजारात बसायची, हजेरीला कशी पोचणार? तीन-तीन आवाज काढायचो मी, मुलींचा पण. ऑगस्टमध्ये पकडला गेलो. सर काहीतरी बोलले, "तुम्हा लोकांना" वगैरे. मी सगळ्या वर्गासमोर आयकार्ड फाडलं आणि बाहेर. परत गेलोच नाही.

वर्षाली म्हणते, सर चुकलेच, पण तू कम्प्लेंट करायचीस, भांडायचंस, परीक्षा देऊन दाखवायचीस. "तू काहीच पूर्ण करत नाहीस, राजरत्न. भांडण सोडून."

लागलं. पण फोन नाही ठेवला. तिनेही नाही.

१८ जानेवारी, शनिवार

जेवणाच्या सुट्टीत रील बघितलं. मेक्सिको. एक गाइड, डोक्यावर गवताची टोपी, मागे वीसेक टुरिस्ट. सकाळी माया लोकांचे दगडी पिरॅमिड — राजे, बळी, ताऱ्यांचा हिशोब, काय काय सांगत होता. दुपारी तिथल्याच जंगलात. जमीन खचून विहिरी झाल्यात, खाली निळंशार पाणी. सगळे जाकिटं घालून धपाधप उड्या मारतायत. संध्याकाळी आपापल्या हॉटेलवर. एका दिवसात इतिहास पण, पोहणं पण!

चार वेळा बघितलं. मग डोक्यात आलं — आपल्याकडे काय कमी आहे? लोनाडचं लेणं आहे. पुढे खडवलीला भातसा नदीचे डोह आहेत. सकाळी लेणी, दुपारी डोह. माझा दोस्त सुदेश, त्याची मिनीबस रविवारी रिकामीच उभी असते. आणि गाइड? मी! आजीने लहानपणापासून दरवर्षी नेलंय तिथे. खांब न् खांब पाठ आहे.

वर्षालीला लगेच पाठवलं. तिचं उत्तर — पाण्यात लोकांना कोण बघणार? तुला तर नीट पोहता पण येत नाही.

मग पाच मिनिटांनी — "बाबांना विचार."

बाबांना! म्हणजे तिच्या घरी जायचं. समोर बसायचं.

हे मी पूर्ण करणार. इथे लिहून ठेवतो. एकवीस माणसं नेणार आणि एकवीस परत आणणार. तिच्या बाबांनी बघावं, मी काय आहे ते.

२१ जानेवारी, मंगळवार

ठाण्याला चेंदणी कोळीवाड्यात गेलेलो. हाफ डे टाकून.

वर्षालीचे बाबा, भिवाजीकाका, ओट्यावर जाळं शिवत होते. मान वर केली नाही. खाडीत आता मासळी कमी, पण पुलावरून कोणी पडलं की पोलीस ह्यांनाच बोलावतात. अंधारात पण खाडी वाचता येते म्हणे त्यांना.

मी ट्रिपबद्दल भडाभडा सांगितलं. मेक्सिको पण सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "मानसं किती?"

एकवीस.

"पोहता येनारी?"

चार-पाच.

"आनि तू?"

"थोडं येतं."

"थोडं म्हंजे नाय."

आतून वर्षाली हसली. मला ऐकू आलं!

येणार म्हणाले. एक अट. पाण्यात उतरणाऱ्याने चपला काठाला ओळीत ठेवायच्या आणि बाहेर आला की पहिलं काम — आपल्या चपला पायात. ओळ रिकामी झाली की निघायचं. त्याआधी नाही.

मी मान डोलावली. मनात म्हटलं, यादी असणार ना माझ्याकडे. मोबाइलमध्ये. नाव, वय, नंबर सगळं.

वर्षालीने पोचवताना गल्लीच्या तोंडाशी सांगितलं. होडीत ते लोक चपला घालत नाहीत, होडी आईसारखी. काठावर काढून जातात. तिची आई, जनीकाकू, भरतीच्या वेळी बंदरावर यायची ती होडी बघायला नाही, चपला बघायला. चपला असल्या म्हणजे माणूस पाण्यात. नसल्या म्हणजे घरी गेला. मग कोणाला काही विचारायचं नाही, भात टाकायचा.

२६ जानेवारी, रविवार

अकरा नावं झाली. आजी म्हणते, मी येणार, मला वगळून लेण्यात कोण जातो बघतेच. बहीण रचना येणार, तिची मैत्रीण सान्वी पण. जनीकाकू आणि वर्षाली — दोघी!

कॉलेज सोडल्यापासून पाच महिने पप्पा माझ्याशी थेट बोलत नाहीत, आजीमार्फत चालतं. "त्याला सांगा, पंखा बंद कर." मी समोरच बसलेला असतो. आज आजीला म्हणाले, "त्याला सांगा, गाडीचे टायर बघून घे." आजी म्हणाली, मी काय पोस्टमन आहे का.

पण टायरचं बोलले ना. म्हणजे ट्रिप मनात आहे त्यांच्या.

८ फेब्रुवारी, शनिवार

उद्या. एकवीस पक्के. यादी तीनदा तपासली. शिट्टी आणली, लाल. वर्षालीचा मेसेज — "चिडायचं नाही हां." चिडायला काय आहे त्यात?

९ फेब्रुवारी, रविवार

रचना आहे. आत झोपलीये. श्वासाचा आवाज येतोय.

उद्या लिहीन.

१० फेब्रुवारी, सोमवार

कामावर गेलो नाही. सगळं लिहून काढतो, नाहीतर सुटणार नाही.

सकाळ चांगली होती. खरंच चांगली. वेळेवर निघालो, सगळे आले. लोनाडला टेकडी चढताना आजी सगळ्यांच्या पुढे, पांढरी साडी खोचून, हातात तिचा पितळी फिरकीचा तांब्या. लेण्याबाहेर सगळ्यांनी चपला काढल्या. भिवाजीकाका आत आलेच नाहीत, बाहेर चपलांजवळ उभे. ओठ हलत होते — मोजत होते.

मी सांगायला लागलो आणि काय सांगू, आवाज लागला! ओसरी, खांब, पाण्याचं टाकं, भिंतीवरचा तो मोठा शिल्पपट. म्हटलं, दीड हजार वर्षांपूर्वी इथे भिक्खू राहायचे, पावसाळ्याचे चार महिने, ह्याच टाक्यातलं पाणी प्यायचे. छिन्नीचे घाव दाखवले. एका काकांनी हात लावून बघितला. कोणी मोबाइलमध्ये नव्हतं! वर्षाली मागे खांबाला टेकून ऐकत होती. कॉलेजमध्ये ती अशी कधी ऐकायची नाही, झोपायची.

आजीने मेणबत्ती लावली, वंदना म्हटली. जनीकाकूंनी तिथल्याच देवीला नारळ फोडला. मग दोघी एकाच पायरीवर टेकल्या. आजीने तांब्याची फिरकी काढली, पेला भरला, पुढे केला. जनीकाकू म्हणाल्या, "नको, तहान नाय."

आणि दहा मिनिटांनी आपल्या पिशवीतली बाटली काढून घटाघटा पाणी प्यायल्या. मी बघितलं.

डोकं सटकलं. आजीला बाजूला घेऊन म्हटलं, पाहिलंस ना? आजी म्हणाली, "तेव्हा नसेल तहान, आता लागली असेल. तू काय तिच्या घशात बसलायस?"

पण माझ्या डोक्यातून जाईना. तिथून पुढे मी प्रत्येकावर ओरडत होतो. गाडीत चढायला उशीर केला म्हणून, खिडकीतून साल टाकली म्हणून. सान्वीला फोटो काढायला दोन मिनिटं लागली तर तिला सगळ्यांसमोर झापलं. एकोणीस वर्षांची पोर, डोळ्यांत पाणी आलं तिच्या. वर्षालीने माझ्याकडे नुसतं बघितलं.

खडवली. काकांनी आधी एकट्याने उतरून तळ चाचपला. दोन दगडांच्या मध्ये दोर बांधला — ह्याच्या अलीकडेच राहायचं. चपलांची ओळ लागली. लोक उतरले. हसणं, किंचाळणं, पाणी उडवणं. रचना महापालिकेच्या तलावात शिकलीये, मासोळीसारखी फिरत होती. मी काठावर शिट्टी घेऊन. आजी आणि वर्षाली करंजाच्या झाडाखाली जेवण काढत होत्या. पलीकडे दुसरा एक ग्रुप होता, त्यांचा स्पीकर ढणढणत होता.

चारला शिट्टी मारली. सगळे बाहेर, टॉवेल गुंडाळून, कुडकुडत. मी यादी काढली. नाव घेतलं की हजर म्हणायचं. ऊन समोरून, स्क्रीनवर काही दिसेना, मी मान खाली घालून टिका मारत गेलो.

"रचना?"

"हजर!"

टीक.

मी! मी मान वर केली नाही! ज्याने तीन-तीन आवाजांत प्रॉक्सी दिल्या, त्याला स्वतःच्या बहिणीचा आवाज ओळखता आला नाही.

एकवीस झाले. म्हटलं, चला गाडीत. काका ओळीपाशी उभे होते. म्हणाले, "एक जोड राहिलाय. गाडी हलवाची नाय."

मी म्हटलं, काका, यादी पूर्ण आहे, कोणीतरी अनवाणी जाऊन बसला असेल. ते म्हणाले, "नाय." तेवढंच. आणि सगळे माझ्याकडे बघायला लागले, वर्षाली पण. मला वाटलं, हा माणूस मला सगळ्यांसमोर खोटा पाडतोय. आणि मग तोंडातून जे निघालं ते लिहायची पण लाज वाटते. लिहितो.

मी ओरडलो, "आमच्या हातचं पाणी चालत नाही तुम्हाला, आता आमची यादी पण चालत नाही का?"

स्पीकर चालूच होता. जनीकाकूंचं तोंड उतरलं. काकांनी माझ्याकडे बघितलं पण नाही, पाण्याकडे बघत होते. वर्षालीने वाकून चप्पल उचलली. गुलाबी पट्टा, त्याला सेफ्टीपिन. आजीनेच लावलेली, गेल्या आठवड्यात.

"राजरत्न, ही रचनाची आहे."

मागून सान्वी रडायला लागली. रचना कपडे बदलायला गेली असेल असं तिला वाटलं. "मीच हजर बोलले, दादा. तू ओरडशील म्हणून."

काका तेव्हा पाण्यात होते. कधी उतरले बघितलंच नाही. दोर ओलांडून मोठ्या दगडामागे गेले आणि दिसेनासे झाले. मी पळत गुडघाभर पाण्यात शिरलो. जनीकाकूंनी मागून शर्ट धरला. असा धरला की बटणं तुटली. "एकाला काढू दे त्यांना. दोघांना नको."

किती वेळ, माहीत नाही. चार मिनिटं म्हणतात सगळे. मला त्यात काय काय दिसलं ते इथे लिहिणार नाही.

मग दगडामागून काकांचं डोकं. एकच डोकं. मग त्यांच्या खांद्यावर दुसरं.

दगडापलीकडे जाऊन पायात गोळा आलेला तिच्या. उंबराचं मूळ धरून लटकलेली, तोंड पाण्याच्या वर चार बोटं. ओरडत होती, स्पीकरमध्ये कोणाला ऐकू जाणार? दहा मिनिटं तशी. गाडी निघाली असती तर —

नाही लिहीत.

काठावर आणलं. जनीकाकूंनी तिला कुशीवर वळवलं, पदराने तळवे घासले. ती खोकली. पाणी आलं, मग श्वास. डोळे उघडले. मी समोर होतो. माझ्याकडे बघून पहिलं काय म्हणाली?

"ओरडू नको ना, दादा."

मी नदीच्या काठी बसून मोठमोठ्याने रडलो. एकवीस लोकांसमोर. मेक्सिकोच्या गाइडने कधी केलं नसेल.

खडवलीच्या डॉक्टरने तपासलं, काही नाही, घरी न्या म्हणाला. गाडीत काका पुढे सुदेशच्या बाजूला, ओल्या कपड्यात, पाठ करून. जनीकाकू आजीच्या शेजारी. मध्येच आजीला हळूच म्हणाल्या, "आजवर अकरा काढली ह्यांनी खाडीतून. जिती ही पयलीच."

रचना आहे. शेजारच्या खोलीत सान्वीशी फोनवर हसतेय. मी ओरडू नये म्हणून ती हळू हसतेय. अगं हस ना मोठ्याने!

११ फेब्रुवारी, मंगळवार

सगळं पप्पांना सांगितलं. प्रॉक्सीसकट. वाटलं, आता उठतील आणि मारतील. मारलं असतं तर बरं वाटलं असतं.

भिंतीकडे बघत ऐकत होते. मग म्हणाले, "जेवलास का?"

मला. थेट. आजी मध्ये नव्हती.

१२ फेब्रुवारी, बुधवार

सान्वीच्या घरी जाऊन सॉरी म्हटलं. तिच्या आईला कळेना कशाबद्दल. दोन मिनिटं लागली. खरंच दोनच मिनिटं लागतात.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

वर्षालीचा काही मेसेज नाही. मी कुठल्या तोंडाने करणार? तिच्या आईला काय बोललो मी. आणि त्याच बाईने माझा शर्ट धरला.

१६ फेब्रुवारी, रविवार

तिचा फोन! संपलं असं सांगायला असेल म्हणून आधी उचललाच नाही. परत आला.

म्हणाली, बाबा आठवडाभर खाडीवर गेलेले नाहीत. मी म्हटलं, माझ्यावर चिडलेत. ती म्हणाली, तुला सगळं तुझ्याबद्दलच कसं वाटतं रे? ते स्वतःवर चिडलेत. दोर त्यांनी बांधलेला, एका काकांना हात देऊन बाहेर घेत होते तेवढ्यात रचना पलीकडे गेली. "माझी नजर चुकली" एवढंच म्हणतात, आणि त्या आजीला तोंड कसं दाखवू म्हणतात.

तो माणूस आम्हाला तोंड दाखवायला लाजतोय!

मग तिने आणखी एक सांगितलं. त्यांच्या घरात आजोबांपासून एक रिवाज आहे. पाण्यातून जित्या माणसाला काढलं की काढणाऱ्याने त्याच्या घरी जायचं आणि तिथलं पाणी प्यायचं. पाण्याचं देणं पाण्याने फिटतं म्हणे. आजोबांनी एकदाच केलेलं. बाबांवर वेळच आली नाही कधी. अकरा वेळा नाही आली.

मी विचारलं, आणि आईचं? पाणी?

म्हणाली, "आईला मी विचारलं नाही. तू पण विचारू नकोस. आणि इथे येऊन तमाशा करू नकोस. यायचं तर बाबा आपणहून येतील."

नाही आले तर?

"तर नाही आले. थांबता येतं का तुला, कधी?"

१७ फेब्रुवारी, सोमवार

थांबलोय.

२० फेब्रुवारी, गुरुवार

ठाण्यापर्यंत गेलो कामावरून. प्लॅटफॉर्मवर उतरलो, जिना चढलो, कोळीवाड्याच्या बाजूला तोंड केलं — आणि परत घरी, विठ्ठलवाडीला. आजीला सांगितलं. आजी म्हणाली, फुकट फेरी नाही झाली, परत यायला शिकलास.

तांब्या रोज घासते ती. नेहमीच घासते की आताच, माहीत नाही.

२३ फेब्रुवारी, रविवार

आज आले नाहीत.

इतकी वर्षं मला कोणी काही विचारलं नाही, पण आज रचनाच्या दोन मैत्रिणींनी विचारलं, लेण्याची माहिती परत सांगशील का, प्रोजेक्टला. सांगितली. एकदाही चिडलो नाही. एकीने तीनदा तोच प्रश्न विचारला तरी.

२ मार्च, रविवार

जिन्यात बसून लिहितोय. भाजी आणायला गेलेलो, पिशवी बाजूला आहे.

आमच्या दाराबाहेर तीन जोड जास्तीचे. एक मोठा, रबरी, अंगठ्यापाशी फाटलेला. एक बायकी, मासळीच्या खवल्याचा ठिपका चिकटलेला. तिसरा वर्षालीचा.

आत पप्पा हसतायत. पेला वाजला. आजी विचारतेय, आणखी घालू का? जनीकाकूंचा आवाज — "घाला की. जिने चढून लय तहान लागली."

माझ्या चपला अजून पायात आहेत. काढतो.